जागेचा वाद कोर्टात, मग घरात वीज कशी मिळणार? मालकी, ताबा आणि मीटरचे नियम

घर आजोबांच्या नावावर आहे, वाटणी झालेली नाही आणि भावाभावांचा दावा दिवाणी न्यायालयात सुरू आहे. किंवा घरमालकाने घर रिकामं करून घेण्यासाठी केस केली आहे आणि भाडेकरू अजून तिथेच राहतोय. किंवा नवरा गेल्यानंतर सून त्याच घरात राहते, पण मीटर सासऱ्यांच्या नावावर आहे. अशा घरात राहणारी व्यक्ती नव्या वीज जोडणीचा अर्ज घेऊन गेली की पहिला प्रश्न ठरलेला असतो: ‘मालकाची एनओसी आणली का?’

ही एनओसी मिळण्याची शक्यता जवळपास नसते. ती ज्याने द्यायची तोच कोर्टात समोरच्या बाजूला उभा असतो. आपल्याकडे दिवाणी दावे वर्षानुवर्षं चालतात, अपिलं धरली तर एक पिढीही जाते. तोपर्यंत त्या घरातल्या मुलांनी अभ्यास कशाच्या उजेडात करायचा? आजारी माणसाच्या खोलीतला पंखा कसा फिरणार?

मालक एनओसी देत नाही एवढ्याच कारणावरून तिथे राहणाऱ्याला वीज नाकारता येत नाही, असं कायदा आणि न्यायालयांचे निकाल सांगतात. मात्र याला काही अटी आहेत आणि काही महत्त्वाचे अपवादही आहेत. ते एकेक करून समजून घेऊ.

थोडक्यात सांगायचं तर

• वीज कायदा २००३ नुसार जागेचा मालकच नाही, तर तिथे राहणारी व्यक्तीही वीज जोडणी मागू शकते.
• वीज कंपनीने ‘इथे कोण राहतं’ एवढंच बघायचं असतं. ‘जागा कोणाची’ हे ठरवणं न्यायालयाचं काम आहे.
• मीटर नावावर झालं म्हणून जागेवर मालकी हक्क मिळत नाही.
• भाडेकरूला हुसकावण्यासाठी घरमालकाने वीज तोडणं महाराष्ट्रात कायद्याने मना आहे.
• बेकायदा बांधकाम, जुनी थकबाकी आणि न्यायालयाचा मनाई हुकूम असेल तर मात्र गोष्ट बदलते.

कायदा नेमकं काय म्हणतो?

देशभरातल्या वीज वितरणाला लागू असलेला वीज कायदा १० जून २००३ पासून अमलात आला. त्यातलं कलम ४३ या विषयाचा पाया आहे. आपल्या क्षेत्रातल्या कोणत्याही जागेच्या ‘मालकाने किंवा भोगवटादाराने’ अर्ज केला, तर वितरण कंपनीने त्या जागेला वीज पुरवठा द्यायचा आहे, असं हे कलम सांगतं. कंपनी महावितरण असो, मुंबईतली बेस्ट, अदानी किंवा टाटा पॉवर असो, हे कर्तव्य सगळ्यांना सारखंच आहे.

या वाक्यातला ‘किंवा’ महत्त्वाचा आहे. मालकाची संमती घेऊन भोगवटादाराने अर्ज करावा, असं कलमात म्हटलेलं नाही. दोघांनाही स्वतंत्रपणे अर्ज करता येतो. ही तरतूद नवीनही नाही. इंग्रजांच्या काळातल्या १९१० च्या वीज कायद्यातही पुरवठ्याची मागणी करणाऱ्यांमध्ये मालकाबरोबर भोगवटादाराचा उल्लेख होता.

मूळ कायद्यात जोडणीसाठी एक महिन्याची मुदत आहे. केंद्र सरकारने २०२० मध्ये वीज ग्राहकांच्या हक्कांचे नियम आणले आणि ही मुदत कमी केली. फेब्रुवारी २०२४ मधल्या दुरुस्तीनंतर महानगरांत ३ दिवस, इतर नगरपालिका क्षेत्रांत ७ दिवस आणि ग्रामीण भागात १५ दिवस अशी कमाल मुदत आहे. डोंगराळ ग्रामीण भागासाठी ती ३० दिवस आहे. नवीन लाइन टाकावी लागणार असेल किंवा उपकेंद्राचं काम करावं लागणार असेल, तर जास्त वेळ लागू शकतो. कलम ४३ नुसार कंपनीने पुरवठा देण्यात कसूर केली, तर दिवसाला १००० रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो.

मात्र हे दिवस अर्ज परिपूर्ण असेल तेव्हापासून मोजले जातात. योग्य नमुना, कागदपत्रं, शुल्क आणि इतर पूर्तता झाली, की कायद्याच्या दृष्टीने अर्ज ‘अर्ज’ ठरतो. कागद अपुरे असतील, तर मुदत सुरूच होत नाही.

‘भोगवटादार’ म्हणजे कोण?

या शब्दाने अनेकांचा गोंधळ होतो, कारण तो तीन वेगवेगळ्या ठिकाणी भेटतो.

सातबाऱ्यावर ‘भोगवटादार वर्ग १’ किंवा ‘वर्ग २’ असं लिहिलेलं असतं. तो जमीन महसूल कायद्यातला शब्द आहे आणि जमीन कोणत्या अटीवर धारण केली आहे हे त्यातून कळतं. नव्या इमारतीला महापालिका ‘भोगवटा प्रमाणपत्र’ देते, म्हणजेच ओसी. इमारत मंजूर नकाशाप्रमाणे पूर्ण झाली असून राहण्यायोग्य आहे, असं ते प्रमाणपत्र सांगतं.

वीज कायद्यातला भोगवटादार या दोन्हींपेक्षा साधा आहे. जो प्रत्यक्ष त्या जागेत राहतो किंवा ती वापरतो, तो. सातबाऱ्यावर किंवा मालमत्ता पत्रकावर त्याचं नाव असायलाच हवं असं नाही. भाडेकरू, वाटणी न झालेल्या घरातला एक भाऊ, पागडीच्या खोलीत राहणारं कुटुंब, सासरच्या घरात राहणारी सून हे सगळे यात येऊ शकतात.

मग काल रात्री कुलूप तोडून आत शिरलेला माणूसही भोगवटादार ठरतो का? इथे ‘स्थिर ताबा’ ही कल्पना उपयोगी पडते. सर्वोच्च न्यायालयाने २००३ च्या एका निकालात ती समजावून सांगितली आहे. घुसखोराचा अधूनमधून होणारा वावर किंवा चोरून केलेला शिरकाव म्हणजे ताबा नव्हे. पण मालकाला माहीत असताना आणि लपवाछपवी न करता पुरेशा काळापासून जो ताबा चालू आहे, तो बळजबरीने काढून घेता येत नाही. मालकालाही त्यासाठी कायद्याच्या मार्गानेच जावं लागतं.

न्यायालयांनी काय म्हटलं आहे?

उत्तर प्रदेशात दलित कुटुंबांच्या घरांसाठी जमीन संपादित झाली होती. त्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९९५ मध्ये निवाऱ्याच्या हक्काची व्याप्ती सांगितली. निवारा म्हणजे डोक्यावरचं नुसतं छप्पर नाही. राहण्यापुरती जागा, उजेड, स्वच्छ हवा, पाणी, वीज आणि स्वच्छतेची सोय हेही त्यात येतं, असं न्यायालयाने म्हटलं. संविधानाच्या कलम २१ मधल्या जगण्याच्या हक्काशी वीज जोडली जाते ती अशी.

मे २०२२ मधला निकाल आजच्या प्रश्नाला थेट लागू होतो. घरमालक आणि भाडेकरू यांच्यातल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं, की वीज ही मूलभूत सुविधा आहे आणि घरमालकाने ना हरकत प्रमाणपत्र दिलं नाही म्हणून भाडेकरूला ती नाकारता येत नाही. अर्जदार त्या जागेत राहतो का, एवढंच वीज पुरवठा करणाऱ्या यंत्रणेने तपासायचं, असंही न्यायालयाने सांगितलं.

दिल्ली उच्च न्यायालयाने २०२१ मध्ये अशीच भूमिका घेतली होती. मालकीबद्दल वाद असला तरी मालकीवर दावा सांगणाऱ्या इतरांची एनओसी आणा, असा आग्रह धरून तिथे राहणाऱ्याला वीज नाकारता येणार नाही, असं न्यायालयाने म्हटलं. कोलकाता उच्च न्यायालय आणखी पुढे गेलं. स्थिर ताब्यात असलेली व्यक्ती अतिक्रमण करणारी असली, तरी कायदेशीर मार्गाने बाहेर काढली जाईपर्यंत ती मालकाच्या संमतीशिवाय वीज मागू शकते, असं त्या न्यायालयाने एका निकालात सांगितलं.

मुंबईतल्या पाण्याच्या प्रकरणातही याच्या जवळचा विचार दिसतो. अनधिकृत झोपड्यांत राहतात म्हणून माणसांना पिण्याचं पाणी पूर्णपणे नाकारता येणार नाही, असं मुंबई उच्च न्यायालयाने डिसेंबर २०१४ मध्ये म्हटलं. त्याच वेळी कायदेशीर घरात राहणाऱ्यांच्या बरोबरीने पाणी मिळावं असा दावा ते करू शकत नाहीत, हेही न्यायालयाने नमूद केलं. सुविधा दिली म्हणजे बांधकाम कायदेशीर झालं असं होत नाही, हा मुद्दा त्यातून पुढे येतो.

मीटर नावावर झालं म्हणजे जागा नावावर झाली का?

नाही. मालक एनओसी द्यायला घाबरतात आणि काही जण मीटरसाठी अडून बसतात, त्यामागे हाच गैरसमज असतो.

वीज बिल एवढंच सांगतं, की अमुक पत्त्यावर अमुक नावाने पुरवठा दिलेला आहे. त्यातून तिथलं वास्तव्य दाखवायला मदत होते, पण मालकी सिद्ध होत नाही. मालकी ठरते ती खरेदीखत, वाटणीपत्र, बक्षीसपत्र, मृत्युपत्र, वारसाहक्क आणि न्यायालयाचा हुकूमनामा यांवरून. वीज कंपनीच्या अभियंत्याला ती ठरवण्याचा अधिकारच नाही.

म्हणून मीटर बसल्यामुळे खऱ्या मालकाचा दावा कमजोर होत नाही. उद्या न्यायालयाने जागा मालकाच्या ताब्यात द्यायला सांगितलं, तर मीटरचं कारण पुढे करून राहणाऱ्याला तिथे थांबता येणार नाही. तसंच राहणाऱ्यानेही ‘माझ्या नावाचं बिल आहे, म्हणजे घर माझं’ या भ्रमात राहू नये.

अर्ज करताना कोणते कागद लागतात?

मुख्यतः दोन गोष्टी दाखवाव्या लागतात. पहिली, तुम्ही कोण आहात. त्यासाठी आधार, मतदार ओळखपत्र, पॅन कार्ड असा ओळखीचा पुरावा लागतो. दुसरी, तुम्ही त्या जागेचे मालक आहात किंवा तिथे राहता, याचा पुरावा. वादातल्या जागेत मालकीचा कागद हाताशी नसतो, तेव्हा वास्तव्याचे जितके पुरावे जोडता येतील तितके जोडावेत:

• भाडेकरार, भाडेपावत्या किंवा भाडं बँकेतून दिल्याच्या नोंदी
• घरपट्टीची पावती, ग्रामपंचायतीचा नमुना ८ चा उतारा
• त्या पत्त्यावरचं रेशन कार्ड, मतदार ओळखपत्र, गॅस किंवा पाण्याचं बिल
• न्यायालयात दावा सुरू असेल तर त्याची कागदपत्रं. विशेषतः समोरच्या पक्षाने स्वतःच ‘ही व्यक्ती घरात राहते’ असं लिहून दिलं असेल तर ती प्रत
• ताब्याला संरक्षण देणारा न्यायालयाचा अंतरिम आदेश असेल तर तो

शेवटचे दोन कागद अनेक जण जोडायचं विसरतात. घर खाली करून मागणाऱ्या मालकाच्या दाव्यातच ‘प्रतिवादी या घरात राहत आहे’ असं लिहिलेलं असतं. वास्तव्य दाखवायला याहून चांगला कागद सापडणं अवघड.

दावा सुरू आहे हे लपवू नये. अर्जात ते सरळ लिहावं आणि न्यायालयाचा अंतिम निर्णय मान्य असेल, या जोडणीच्या आधारे मालकी हक्क सांगणार नाही, असं हमीपत्र सोबत द्यावं. त्यामुळे अधिकाऱ्याचीही अडचण दूर होते. मालकाची खोटी सही करून एनओसी जोडण्याचा मोह मात्र टाळायलाच हवा. जो कागद कायद्याने लागतच नाही, त्याच्यासाठी फसवणुकीचा गुन्हा अंगावर येऊ शकतो.

अर्ज ऑनलाइन करावा किंवा कार्यालयात देऊन तारीख आणि शिक्क्यासह पोच घ्यावी. ‘एनओसी आणा, मग बघू’ हे तोंडी उत्तर घेऊन परत येऊ नये. नकार असेल तर तो कारणासह लेखी मागावा, कारण पुढची तक्रार त्याच कागदावर उभी राहते.

वायर नेण्यासाठी दुसऱ्याने वाट अडवली तर?

वाड्यात किंवा सामायिक अंगणात हा प्रश्न हमखास येतो. जोडणी मंजूर होते, वायरमन येतो आणि चुलत भाऊ म्हणतो, ‘माझ्या भिंतीवरून वायर नेऊ देणार नाही.’

यासाठी २००६ चे परवानाधारकांच्या कामांचे नियम आहेत. जागेचा मालक किंवा भोगवटादार हरकत घेत असेल, तर कंपनीने जिल्हा दंडाधिकारी, पोलीस आयुक्त किंवा सरकारने नेमलेल्या अधिकाऱ्याची लेखी परवानगी घेऊन काम करायचं असतं. म्हणजे हरकत आली की फाइल बंद, असा नियम नाही. अर्थात कंपनीलाही कोणाच्या भिंतीवर मनमानी करता येत नाही, म्हणूनच परवानगीचा हा टप्पा ठेवलेला आहे. अर्जदाराने ही परवानगी मागण्याची विनंती कंपनीकडे लेखी करावी.

घरमालकाने चालू वीज तोडली तर?

महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा १९९९ चं कलम २९ याच परिस्थितीसाठी आहे. भाडेकरू वापरत असलेली अत्यावश्यक सेवा पुरेशा कारणाशिवाय तोडायला किंवा रोखून धरायला घरमालकाला मनाई आहे. वीज, पाणी, जिन्यातले दिवे आणि लिफ्ट हे सगळं यात येतं. मालकाने दुसऱ्या कोणाकरवी वीज तोडली, तरी ते मनाईतच मोडतं. भाडेकरू न्यायालयात अर्ज करू शकतो आणि न्यायालय सेवा पूर्ववत करण्याचा अंतरिम आदेश देऊ शकतं. या कलमाचं उल्लंघन हा शिक्षापात्र गुन्हाही आहे.

लीव्ह अँड लायसन्स करारावर राहणारी व्यक्ती कायद्याच्या भाषेत ‘भाडेकरू’ नसते. त्यामुळे कलम २९ चं संरक्षण तिला तसंच मिळेल असं गृहीत धरता येत नाही. पण कराराची मुदत संपली, तरी मालकाला घर परत घेण्यासाठी सक्षम प्राधिकाऱ्याकडे अर्ज करावा लागतो. फ्यूज काढून माणूस घालवणं हा कायदेशीर मार्ग नाही.

कुटुंबातल्या वादात महिलांसाठी आणखी एक आधार आहे. कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायदा २००५ नुसार सामायिक घरात मालकी नसली, तरी महिलेला तिथे राहण्याचा हक्क आहे. तिला ज्या सोयी वापरण्याचा हक्क आहे त्या रोखणं ‘आर्थिक छळा’त मोडू शकतं. सुनेच्या खोलीची वीज तोडली असेल, तर ती संरक्षण अधिकाऱ्याची मदत घेऊ शकते किंवा दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करू शकते.

मीटर मालकाच्या नावावर असेल आणि त्यानेच ते बंद करायला सांगितलं तर?

हा पेच जास्त नाजूक आहे. कंपनीच्या नोंदीत ग्राहक मालक आहे आणि ग्राहकाला स्वतःची जोडणी कायमची बंद करून घेता येते. राहणाऱ्याने वेळेवर बिल भरलेलं असलं, तरी त्या मीटरचा ‘ग्राहक’ तो नसतो.

अशा वेळी दोन मार्ग एकदम धरावेत. कंपनीला तातडीने लेखी कळवावं, की जागेत माणसं राहतात, बिल भरलेलं आहे आणि ताब्याबाबत दावा सुरू आहे. त्याच अर्जात भोगवटादार म्हणून स्वतःच्या नावाने जोडणी मागावी. दुसरीकडे, ज्या न्यायालयात दावा सुरू आहे तिथे पुरवठा तोडू नये, असा अंतरिम आदेश मागावा. भाडेकरूसाठी कलम २९ चा मार्ग आहेच.

मीटर वारलेल्या आजोबांच्या नावावर असेल, तर नाव बदलण्यावरून वारसांत भांडण होतं. वाद मिटेपर्यंत त्याच नावाने बिल भरत राहणं हा तात्पुरता उपाय आहे. पण बिल थकलं तर १५ दिवसांची लेखी नोटीस देऊन कंपनी पुरवठा तोडू शकते आणि तेव्हा ‘भरायची पाळी कोणाची होती’ हे भावांचं भांडण कंपनी ऐकत बसत नाही.

आधीच्या माणसाची थकबाकी कोणी भरायची?

या प्रश्नावर सर्वोच्च न्यायालयाने मे २०२३ मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठाचा सविस्तर निकाल दिला. केरळ वीज मंडळ आणि लिलावात मालमत्ता घेणारे खरेदीदार यांच्याशी संबंधित हे प्रकरण होतं. वीज देण्याचं कंपनीचं कर्तव्य अमर्याद नाही. त्या राज्याच्या नियमांत तशी तरतूद असेल, तर नवी जोडणी देण्याआधी कंपनी त्या जागेची जुनी थकबाकी मागू शकते, असं न्यायालयाने सांगितलं.

महाराष्ट्रात २००५ च्या वीज पुरवठा संहितेने या ओझ्याला मर्यादा घातली. जुन्या ग्राहकाची थकबाकी नव्या मालकावर किंवा भोगवटादारावर येते, पण कायदेशीर वारस सोडून इतरांच्या बाबतीत ती जास्तीत जास्त सहा महिन्यांच्या थकलेल्या रकमेपुरतीच, असं त्यात म्हटलं होतं. २०२१ मध्ये त्या संहितेची जागा नव्या संहितेने घेतली. त्यामुळे कंपनीने वर्षानुवर्षांची थकबाकी मागितली, तर ती कोणत्या विनियमानुसार आणि कोणत्या काळाची आहे, याचा लेखी हिशेब मागावा.

बिलाची रक्कमच चुकीची वाटत असेल, तर कलम ५६ मध्ये एक सोय आहे. मागितलेली रक्कम किंवा मागच्या सहा महिन्यांच्या सरासरीने येणारी रक्कम, यातली जी कमी असेल ती निषेध नोंदवून भरली, तर वादाचा निकाल लागेपर्यंत पुरवठा तोडता येत नाही.

कंपनी कधी ‘नाही’ म्हणू शकते?

मालकीचा वाद आणि बेकायदा बांधकाम या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. इथे बरेच जण चुकतात.

पहिल्या प्रकारात घर कायदेशीर असतं, ते कोणाचं यावर भांडण असतं. दुसऱ्या प्रकारात इमारतीलाच परवानगी नसते. मेरठमधल्या बेकायदा बांधकामाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १७ डिसेंबर २०२४ रोजी कडक निर्देश दिले. इमारतीला वीज, पाणी, सांडपाण्याच्या जोडण्या पूर्णत्वाचा किंवा भोगवट्याचा दाखला पाहूनच द्याव्यात, असं त्यात म्हटलं आहे. त्यामुळे ओसी नसलेल्या नव्या इमारतीतल्या रहिवाशाला फक्त ‘मी इथे राहतो’ एवढं सांगून भागत नाही. बिल्डरने ओसी न घेताच ताबा दिला असेल, तर त्याचा फटका घर घेणाऱ्यालाच बसतो.

न्यायालयाचा स्पष्ट मनाई हुकूम असेल तर कंपनी तो मोडू शकत नाही. ‘जैसे थे’ आदेश असेल आणि नवं मीटर त्यात बसतं की नाही याबद्दल शंका असेल, तर त्याच न्यायालयाकडून परवानगी घेणं सुरक्षित. घरातलं वायरिंग धोकादायक असेल किंवा जागेची देय थकबाकी भरलेली नसेल, तरीही जोडणी अडू शकते.

शेतीपंपाचं गणितही वेगळं आहे. ‘मागेल त्याला सौर कृषी पंप’ योजनेत अर्जदार जमिनीचा किंवा पाण्याच्या स्रोताचा एकटा मालक नसेल, तर इतर हिस्सेदारांचा ना हरकत दाखला मागितला जातो. ती अनुदानाची योजना आहे आणि तिच्या अटी वेगळ्या आहेत. घरातल्या दिव्याला जो नियम लागतो, तोच सामायिक विहिरीवरच्या अनुदानित पंपाला लागेल असं समजू नये.

शेजाऱ्याकडून वायर घेतली तर चालतं का?

जोडणी अडकली की लोक हाच मार्ग धरतात. पण त्यात दोघेही अडचणीत येतात. मीटर ज्या जागेसाठी दिलंय, त्याशिवाय दुसऱ्या जागेत वीज वापरणं हा कलम १२६ नुसार ‘अनधिकृत वापर’ आहे आणि त्याची आकारणी दुप्पट दराने होते. तारेवर आकडा टाकणं ही तर सरळ वीजचोरी. कलम १३५ नुसार तिला तीन वर्षांपर्यंत तुरुंगवासाची शिक्षा होऊ शकते.

शिवाय उघड्या जोडांच्या आणि खिडकीतून ओढलेल्या अशा वायरींमुळे शॉक बसून माणसं मरतात, घरं पेटतात. ज्याला रीतसर वीज मागण्याचा हक्क आहे, त्याला एका एनओसीसाठी परत पाठवलं, तर तो अशा वायरीकडे वळतो. मीटर देण्याने धोकाही टळतो आणि कंपनीचं बिलही वसूल होतं.

अर्ज नाकारला तर कुठे जायचं?

१. आधी कंपनीकडे: शाखा किंवा उपविभाग कार्यालयात लेखी तक्रार द्यावी. कलम ४३ आणि मे २०२२ च्या निकालाचा उल्लेख करावा. १९१२ या क्रमांकावरही तक्रार नोंदवता येते.

२. ग्राहक तक्रार निवारण मंच: वीज कायद्याच्या कलम ४२ नुसार प्रत्येक वितरण कंपनीला असा मंच ठेवावा लागतो. महाराष्ट्रात तक्रारीचं कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत तिथे जावं लागतं. वीजचोरी आणि अनधिकृत वापराची प्रकरणं मंच ऐकत नाही. हीच तक्रार आधीपासून न्यायालयात असेल तरीही मंच ती घेत नाही. म्हणून मालकीचा दावा आणि जोडणी नाकारल्याची तक्रार या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे अर्जात स्पष्ट लिहावं.

३. विद्युत लोकपाल: मंचाचा आदेश मान्य नसेल तर ६० दिवसांच्या आत लोकपालाकडे जाता येतं. महाराष्ट्रात मुंबई आणि नागपूर इथे लोकपालांची कार्यालयं आहेत.

४. उच्च न्यायालय: संविधानाच्या कलम २२६ खाली रिट याचिका करता येते. तिथे खर्च आणि वकील दोन्ही लागतात. महिला, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती आणि ठरलेल्या मर्यादेपेक्षा कमी उत्पन्न असलेल्यांना विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळू शकतो. तालुका आणि जिल्हा न्यायालयात त्यांची कार्यालयं असतात.

मग मालकाने काय करायचं?

मालकाची काळजी अगदीच खोटी नसते. आपल्या जागेत दुसऱ्याच्या नावाचं मीटर लागलं, तर भीती वाटणारच. पण त्यावर उपाय वीज अडवणं नाही. अर्ज झाल्याचं कळताच कंपनीला लेखी कळवावं, की मालकीचा दावा सुरू आहे, त्याचा क्रमांक अमुक आणि ही जोडणी मालकीचा पुरावा मानली जाऊ नये. तो कागद स्वतःच्या दाव्यातही ठेवावा. अर्जदार तिथे मुळात राहतच नसेल, तर पुराव्यासह तसं सांगावं. कंपनीने तपासायची गोष्ट तीच आहे.

आणि जर कोणी तुम्हालाच जबरदस्तीने घराबाहेर काढून आता तिथे मीटर मागत असेल, तर विशिष्ट अनुतोष कायदा १९६३ च्या कलम ६ खाली सहा महिन्यांच्या आत ताबा परत मिळवण्यासाठी दावा करता येतो. त्या दाव्यात मालकी सिद्ध करावी लागत नाही. तुम्ही ताब्यात होतात आणि बेकायदा बाहेर काढले गेलात, एवढं दाखवावं लागतं.

जागा कोणाची याचा निकाल पुराव्यांवर लागतो आणि त्याला जो वेळ लागायचा तो लागतो. त्या घरात राहणाऱ्यांची रोजची गरज मात्र तोपर्यंत थांबत नाही. म्हणून कायद्याने हे दोन प्रश्न वेगळे ठेवले आहेत. पुढच्या वेळी खिडकीवर ‘एनओसी आणा’ असं ऐकायला मिळालं, तर ‘मी इथे राहतो, हा त्याचा पुरावा’ असं सांगून अर्ज पुढे करायचा आणि त्याची पोच घ्यायची.